वाय-फायचा पासवर्ड कितपत टिकतो?

वाय-फायचा पासवर्ड किती भक्कम आहे, हे तपासण्याचा खात्रीचा मार्ग म्हणजे मालकाच्या परवानगीने तो फोडून पाहणे. फोन राउटरला जोडला जाताना दोघांत चार संदेशांची देवाणघेवाण होते. त्यात पासवर्ड उघड होत नाही. पण ते संदेश टिपून ठेवले, की पुढचे सारे अंदाज भलत्याच ठिकाणच्या संगणकावर पडताळता येतात आणि राउटरला त्याचा पत्ताही लागत नाही. वाय-फायच्या डब्ल्यूपीए-२ या सुरक्षा पद्धतीत प्रत्येक अंदाजासाठी हजारो फेऱ्यांचे गणित करावे लागते. तरीही आजचे चांगले ग्राफिक्स कार्ड सेकंदाला सुमारे दहा लाख अंदाज तपासते.

एका अंदाजाचा दुसऱ्याशी काहीच संबंध नसल्याने हे काम वाटून देणे सोपे असते. मुख्य संगणक अंदाजांच्या यादीचे तुकडे पाडून यंत्रांना देतो. एखादे बंद पडले, तर त्याचा तुकडा दुसऱ्याकडे जातो. यंत्रे दहापट, तर वेळ दहावा हिस्सा.

नवीन पनवेलसारख्या सोसायट्यांच्या वस्तीत एका फ्लॅटमधून शेजारच्या कितीतरी राउटरची नावे दिसतात. त्यांतल्या एखाद्याचा पासवर्ड मालकाचा मोबाइल नंबर असेल, तर तो असून नसल्यासारखाच. भारतीय मोबाइल नंबर ६, ७, ८ किंवा ९ने सुरू होतो, म्हणजे शक्यता फार तर ४०० कोटी. एक कार्ड त्या साधारण तासाभरात संपवते, दहा कार्डे सात मिनिटांत. आठ लहान इंग्रजी अक्षरांना एका कार्डाला अडीच दिवसही लागत नाहीत. अशीच लहान अक्षरे आणि अंक कसेही मिसळून बारा घेतले, तर मात्र दहा कार्डांनाही सगळ्या शक्यता संपवायला पंधरा हजार वर्षे लागतील. २०२१मध्ये तेल अवीवमध्ये एका संशोधकाने ५,००० नेटवर्क तपासली. सुमारे ७० टक्के फुटली. तिथेही मोबाइल नंबरांनीच घात केला होता.

फुकट इंटरनेट गेले, एवढ्यावर हे थांबत नाही. २६ जुलै २००८ रोजी अहमदाबादच्या बॉम्बस्फोटांआधी आलेला धमकीचा ई-मेल पनवेलच्याच हार्बर मार्गावरील सानपाड्यातल्या एका घराच्या असुरक्षित वाय-फायवरून गेला होता. पोलीस आधी पोचले ते जोडणी ज्याच्या नावावर होती त्याच्याकडे.

माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६नुसार परवानगीवाचून दुसऱ्याच्या नेटवर्कमध्ये अप्रामाणिकपणे शिरल्यास तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. सोसायटीत अशी तपासणी करायची असेल, तर कमिटीचा ठराव पुरेसा समजू नये. ज्याची जोडणी, त्याची लेखी संमती आधी घ्यावी.