कुणाला तरी लागतेच!

अमेरिकेच्या न्यू जर्सी राज्यात १९८६ साली एका बाईंना चार महिन्यांत दुसऱ्यांदा लॉटरीचे घसघशीत बक्षीस लागले. अशी शक्यता १७ लाख कोटींत एक, अशी बातमी झळकली. हा हिशेब खोटा नव्हता. आधीच ठरवलेल्या एका व्यक्तीने दोनच सोडतींची एकेक तिकिटे काढायची आणि दोन्ही लागायची, तर शक्यता तेवढीच निघते. पण बक्षीस लागण्याआधी या बाईंवर बोट कुणी ठेवले होते?

पर्ड्यू विद्यापीठातल्या दोन संख्याशास्त्रज्ञांनी प्रश्नच बदलला. कोट्यवधी लोक सतत तिकिटे काढतात. मग अमेरिकेत कुठेही, कुणालाही चार महिन्यांत असा दुहेरी लाभ होण्याची शक्यता किती? उत्तर निघाले, तिसांत एकाहून जास्त. मुदत सात वर्षांची धरली, तर पन्नास टक्क्यांहूनही अधिक!

बल्गेरियातल्या लॉटरीतही सप्टेंबर २००९ मध्ये लागोपाठच्या दोन सोडतींत ४, १५, २३, २४, ३५, ४२ हेच सहा आकडे निघाले. चौकशी झाली, लबाडी सापडली नाही. पर्सी डायकोनिस आणि फ्रेडरिक मोस्टेलर या संख्याशास्त्रज्ञांनी १९८९ मध्येच लिहिले होते की, संधी पुरेशा असल्या की वाटेल ती अचाट गोष्ट घडू शकते.

मनाला मात्र ‘कुणाला तरी’ कळत नाही, ‘मलाच’ एवढेच कळते. त्या ‘मलाच’चा आनंद टिकतो का? १९७८ मधल्या एका अमेरिकी अभ्यासात २२ लॉटरी विजेते शेजारपाजाऱ्यांहून फारसे सुखी आढळले नाहीत. उलट गप्पा, न्याहारी, विनोद अशा रोजच्या गोष्टींतली त्यांची गोडी कमी भरली. स्वीडनमधल्या तीन हजारांहून अधिक जणांच्या २०२० मधल्या अभ्यासाने चित्र पालटले. मोठे बक्षीस मिळालेल्यांचे आयुष्याविषयीचे समाधान दहा वर्षांनंतरही वाढलेलेच होते. रोजच्या आनंदात मात्र त्या मानाने थोडाच फरक पडला होता.

लॉटरी लागली की आपण पूर्वपुण्याई शोधतो, संकट कोसळले की पाप. सोडतीच्या यंत्राला दोन्ही ठाऊक नसतात. ज्याला लागली त्याने खुशाल पेढे वाटावेत; ज्याला लागली नाही त्याने स्वतःला करंटा म्हणवून घेण्याचे काही कारण नाही.