आईची कादंबरी, लेकीची पटकथा

दुसऱ्यांनी लिहिलेले संवाद वर्षानुवर्षे म्हणणारी अभिनेत्री स्वतः लिहू आणि दिग्दर्शित करू लागते, तेव्हा ती बहुधा आपल्या ओळखीच्या जगातच पहिले पाऊल टाकते. फ्रान्सच्या झान मोरो यांनी १९७६ मध्ये लिहून दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट ‘ल्युमिएर’ अभिनेत्रींच्याच आयुष्यावर होता. रेणुका शहाणे यांच्या बाबतीत हे ओळखीचे जग म्हणजे आईचे लेखन.

दूरदर्शनवरील ‘सुरभि’ आणि ‘हम आपके हैं कौन’ (१९९४) यांमुळे घरोघरी पोहोचलेल्या शहाणे यांनी २००९ मध्ये आई शांता गोखले यांच्या ‘रीटा वेलिणकर’ या कादंबरीवरून ‘रीटा’ हा मराठी चित्रपट केला. घरादाराचा भार वाहणारी, विवाहित पुरुषात गुंतलेली आणि अखेर मनाने कोसळणारी ही नायिका कादंबरीत आपल्या मनातून उलगडत जाते; पटकथेत, म्हणजे प्रसंगवार रचलेल्या चित्रपटाच्या लिखित आराखड्यात, तेच मन कृती, संवाद आणि मौनातून दाखवावे लागते. रीटाची भूमिका पल्लवी जोशी यांना देऊन शहाणे यांनी स्वतःकडे मैत्रीण सरस्वतीची भूमिका ठेवली.

‘त्रिभंग’ हा त्यांचा पुढचा चित्रपट मात्र सर्वस्वी त्यांच्या लेखणीचा, आणि म्हणूनच अधिक धीट. गुडघा, कंबर व मान अशा तीन ठिकाणी वळलेली ओडिसी नृत्यातील देहस्थिती म्हणजे त्रिभंग. हीच प्रतिमा लेखिका नयन, तिची नर्तकी मुलगी अनू आणि नात माशा यांच्या कथेला मिळाली आहे. आत्मचरित्र सांगता सांगता नयन बेशुद्धीत जाते आणि मुलीला आईशी भांडायचे असते तेव्हा आई उत्तर द्यायला उरलेली नसते. उरते ते चित्रित केलेले तिचे बोलणे. लेखिका म्हणून मोठी असलेली बाई आई म्हणून चुकू शकते, हे शहाणे यांनी आईची बाजू न सोडता दाखवले, ही या पटकथेची खरी कमाई.

पात्रनिवडीतही मायलेकींचा धागा आहे. नयन साकारणाऱ्या तन्वी आझमी या अभिनेत्री उषा किरण यांच्या कन्या, तर अनू साकारणारी काजोल ही तनुजा यांची मुलगी आणि शोभना समर्थ यांची नात. ‘राम राज्य’ (१९४३) मधील सीता म्हणून गाजलेल्या याच शोभना समर्थ यांनी १९५० मध्ये ‘हमारी बेटी’ दिग्दर्शित करून मुलगी नूतनला नायिका केले होते, म्हणजे ही वाट नवी नव्हे.

‘त्रिभंग’ १५ जानेवारी २०२१ रोजी थेट नेटफ्लिक्सवर आला. घरात मराठी आणि शाळा-कचेरीत हिंदी अशी रोजची सवय असलेल्या मध्य प्रदेशातील पांढुर्णा-सौंसरच्या प्रेक्षकाला त्यातली हिंदीतून मराठीत सहज शिरणारी बोली परकी वाटू नये. किंबहुना मुंबई-पुण्याच्या प्रेक्षकापेक्षा ती त्याला अधिक घरची वाटेल.