म्होरकी हाडावर बसली पाहिजे

परळचं बाई साकरबाई दिनशॉ पेटिट रुग्णालय हिंदमातापासून चालत जाण्याइतकं जवळ. लालबाग-परळची जुनी माणसं मात्र त्याला 'बैलघोडा हॉस्पिटल'च म्हणतात. ते चालवणारी प्राणी-क्रौर्य प्रतिबंधक संस्था 1874 सालची. घोड्यांची ट्रामही मुंबईत त्याच वर्षी धावू लागली. पुढे 1886 मध्ये परळलाच पशुवैद्यकीय महाविद्यालय सुरू झालं. ट्रामचे घोडे गेले, व्हिक्टोरिया घोडागाड्याही 2015 मध्ये उच्च न्यायालयाने बेकायदा ठरवल्या. म्होरकी, म्हणजे जनावराला आवरण्यासाठी तोंडावर चढवायची दोरी किंवा पट्टा, आता इथल्या फुटपाथवर दिसते ती कुत्र्याच्या तोंडावर. दुकानदार तिला 'हेड हॉल्टर' म्हणतात.

वेसणीसाठी बैलाच्या नाकातला पडदा टोचावा लागतो. म्होरकी नुसती तोंडावर चढते. म्हणून ती आपोआप सुखाची ठरते असं नाही. नाकाचा वरचा भाग हाडाचा असतो, खाली नाकपुड्यांकडे मऊ कूर्चा. दोरी घसरून कूर्चेवर आली की श्वास कोंडतो. वासरांच्या बाबतीत तर दुर्लक्ष फार महागात पडतं. वासरू वाढतं, म्होरकी वाढत नाही, आणि दोरी कातडीत रुतत जाते.

घोड्याच्या गालावरून चेहऱ्याची नस अगदी उथळ जाते. भूल दिलेला घोडा कुशीवर पडून असताना म्होरकीची बक्कल त्या नसेवर दाबली गेली, तर ओठ लुळा पडू शकतो. त्यामुळे घोडा आडवा झाला की म्होरकी काढायची, हा शस्त्रक्रियेतला साधा नियम.

कुत्र्यासाठीची 'हॉल्टी' ही म्होरकी ब्रिटिश वर्तनतज्ज्ञ रॉजर मगफर्ड यांची. डोकं वळलं की अंगही वळतं, एवढंच तिचं तत्त्व. त्यामुळे किरकोळ अंगाच्या माणसालाही दांडगा लॅब्रेडॉर आवरता येतो. मानेचा पट्टा कानांच्या लगेच मागे, एक बोट जाईल इतका घट्ट हवा. नाकावरची पट्टी मात्र सैल, तोंड पूर्ण उघडेल अशी. मुंबईच्या दमट उकाड्यात कुत्र्याला धापा टाकूनच अंग थंड करावं लागतं, म्हणून ही सैल पट्टी महत्त्वाची. पग, बुलडॉग अशा चपट्या नाकाच्या जातींना हे साधन बसतच नाही.

पहिल्याच दिवशी म्होरकी चढवून थेट रस्त्यावर नेणं हा आडमुठेपणा झाला. आधी घरात, खाऊ दाखवत, कुत्रा स्वतः त्यात नाक घालेपर्यंत थांबावं. त्याला काही दिवस लागतात. बाहेर दोरी आखूड पण ढिली धरावी आणि हिसका कधीच देऊ नये, कारण तो थेट मानेच्या मणक्यांवर जातो. घरी परतताच म्होरकी काढून ठेवावी.

गणपतीच्या दिवसांत लालबाग-परळ भागात ढोल-ताशा आणि फटाक्यांना बिचकून कुत्रा एकदम झेप घेतो. त्या दिवसांत म्होरकी घरीच ठेवा आणि छातीवरून जाणारा हार्नेस घाला.