लिंबायतचे रोट

नागपंचमी झाली की सुरतच्या लिंबायत भागातल्या पिठाच्या चक्क्यांवर रोटांचं दळण सुरू होतं. चक्कीवाला आधीचं पीठ नीट झाडून काढतो. बायका फडक्याने झाकलेले डबे घेऊन उभ्या असतात. मध्येच कुणी ज्वारी घेऊन आलं तर त्याला थांबावं लागतं, कारण रोटांच्या गव्हात दुसरं धान्य मिसळून चालत नाही.

हा गहू घरून मोजून आणलेला असतो. घरातल्या प्रत्येक पुरुषामागे सव्वा मूठ. कुणाकडे माप वेगळं असतं, पण सव्वाचा हिशेब सुटत नाही. म्हाताऱ्या आजोबांपासून पाळण्यातल्या मुलापर्यंत सगळे त्यात धरायचे. जोडीला हरभऱ्याची डाळ. रोट करायचे, पुरण शिजवायचं आणि नागपंचमीनंतर येणाऱ्या पहिल्या रविवारी कानबाई बसवायची.

कानबाई ही खान्देशाची माय. जळगाव, धुळे, नंदुरबार जिल्ह्यांत ती घरोघर बसते. तिला शिखर लागत नाही, गाभारा लागत नाही. बहुतेक घरांत ती म्हणजे एक नारळ. चौरंगावर कलश, त्यावर नारळ. त्याला डोळे, नथ, मंगळसूत्र, खण-साडी. नथ बसवण्याचं काम घरातल्या जाणत्या बाईचं. ती दोऱ्याने अशी अडकवावी लागते की रात्रभर समोर गाणी आणि फुगड्या चालल्या तरी ढळू नये. सगळा साज पूर्ण झाला की तोच नारळ माहेरी आलेल्या लेकीसारखा दिसू लागतो. मग पुरणपोळी, खीर, गंगाफळाची भाजी, आणि रात्री जागरण. सोमवारी सकाळी वाजतगाजत निरोप.

हे सगळं लिंबायतमध्ये आलं ते रेल्वेने. सुरत-भुसावळ ही तापी खोऱ्यातली लाइन एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी उभी राहिली. अमळनेर, दोंडाईचा, नंदुरबारला गाडीत बसलं की नवापूर, व्यारा, बारडोली करत उधना. नवापूरचं स्टेशन तर अर्धं महाराष्ट्रात आणि अर्धं गुजरातेत आहे. १ मे १९६० पर्यंत दोन्ही टोकं एकाच मुंबई राज्यात होती, त्यामुळे सुरतला जाणं म्हणजे परराज्यात जाणं नव्हतंच. पुढे कोरडवाहू शेती पोट भरेना, आणि सुरतचे यंत्रमाग, रंगाई-छपाईची कारखानदारी, रिंगरोडचे कापडबाजार माणसं मागत राहिले. एक भाऊ आला, त्याने दुसऱ्याला आणलं, त्याने मेहुण्याला. लिंबायत, डिंडोली, गोडादरा, उधना असा हा पट्टा खान्देशी माणसांनी भरत गेला. आज त्याचं वजन राजकारणातही दिसतं. लिंबायत हा विधानसभा मतदारसंघ झाल्यापासून, म्हणजे २०१२ पासूनच्या तिन्ही निवडणुका संगीता पाटील यांनी जिंकल्या. ज्या नवसारी लोकसभा मतदारसंघात लिंबायत येतं, तिथले खासदार सी. आर. पाटील यांचा जन्म जळगाव जिल्ह्यातला.

आमदार-खासदार होणं मोठंच आहे. पण मला या वस्तीचं खरं बळ रोटांच्या हिशेबात दिसतं, आणि ते सांगायला जरा लांबचं उदाहरण घेतो.

तमिळनाडूच्या चेट्टिनाड भागातले नाट्टुकोट्टै चेट्टियार हे सावकारी करणारे व्यापारी. एकोणिसाव्या शतकात ते ब्रह्मदेश, मलाया, सिंगापूर, सिलोन असे पसरले. जिथे पेढी तिथे मुरुगनचं देऊळ. सिंगापूरच्या टँक रोडवरचं त्यांचं देऊळ १८५९ चं. १९३० च्या मंदीनंतर दक्षिण ब्रह्मदेशातली सुमारे पाव भातशेती गहाणखतांतून त्यांच्या हाती आली होती. पुढे युद्धात आणि नंतरच्या राजवटींत ती गेली. समाज मात्र विस्कटला नाही. त्यांची नऊ कुलमंदिरं आहेत, आणि लग्न झालेला प्रत्येक पुरुष हा तिथल्या वहीत एक ‘पुळ्ळी’, म्हणजे एक ठिपका असतो. देवळाची वर्गणी दर पुळ्ळीमागे ठरते. माणूस पिनांगला असो की लंडनला, त्याचा ठिपका गावच्या वहीतच राहतो.

त्यांच्याकडे पैसा होता, विश्वस्त होते, लेखी वह्या होत्या. लिंबायतला आलेल्या खान्देशी माणसाकडे यातलं काही नव्हतं. भाड्याची खोली, बारा तासांची पाळी, आणि गावी राहिलेले भाऊ. तरीही हिशेब तोच! सव्वा मुठीत कोण धरला जातो, यावरून कुळात कोण आहे ते कळतं. भाऊबंद वेगळे निघाले की रोट वेगळे होतात. समेट झाला की पुन्हा एकत्र. श्रावण जवळ आला की फोनवर पहिला प्रश्न हाच, “यंदा रोट कोनाकडे शेतस?” थोरल्याकडे शिरपूरला, की धाकट्याकडे लिंबायतला? ते ठरलं की गाडीची तिकिटं काढायची. अनेक घरांत रोटांचा प्रसाद भाऊबंदांबाहेर देत नाहीत. बाहेरून पाहणाऱ्याला हा कर्मठपणा वाटेल. पण परक्या शहरात वर्षातून एकदा आपली माणसं मोजून घ्यायची, एका ताटावर बसवायची, याची किती गरज असते हे स्थलांतर केलेल्यालाच कळतं.

निरोपासाठी जायचं तेही तापीवर. मुलताईला उगम पावलेली ही नदी भुसावळवरून, खान्देशातून वाहत सुरतला समुद्राला मिळते. गावी जिथे कानबाईला निरोप देत, त्याच नदीच्या खालच्या अंगाला लिंबायतच्या बायका तिला डोक्यावर घेऊन येतात.

काळजी वाटते ती गाण्यांची. कानबाईची गाणी खान्देशच्या बोलीत, अहिराणीत आहेत आणि ती बायकांच्या तोंडी आहेत. २०११ च्या जनगणनेत खान्देशी ही भाषा सांगणारे अठरा लाखांहून अधिक होते, पण लिंबायतमधलं पोर घरात अहिराणी ऐकतं, गल्लीत हिंदी-गुजराती बोलतं. सुरत महापालिका मराठी माध्यमाच्या शाळा चालवते, ही फार मोलाची सोय आहे. तिथे प्रमाण मराठी मिळते, अहिराणी नाही. मिरवणुकीत आता डीजे असतो. त्यावर अहिराणी गाणी वाजतात याचा मला आनंदच आहे, पण जागरणाची लांब, कथा सांगणारी गाणी डीजेवर येत नाहीत. ज्यांना ती सबंध येतात त्या बायका म्हाताऱ्या झाल्या आहेत. चेट्टियारांच्या वह्या कपाटात सुरक्षित राहिल्या. इथली वही या बायकांच्या डोक्यात आहे.

आणखी एक बोलायलाच हवं. मूठ फक्त पुरुषांच्या नावे का? दळण आणतात बायका, रोट करतात बायका, नथ बसवतात बायका, रात्र जागवतात बायका. लिंबायतच्या कितीतरी मुली आज साडीच्या दुकानांत, कारखान्यांत कमावून घर चालवतात. देवी बाईच आहे. तिच्या घरी मुलींची मोजणी झाली तर ती रागावणार नाही.

म्हणून लिंबायतच्या भाऊबहिणींना एवढीच विनंती, की यंदा गहू मोजताना लेकीसुनांचीही सव्वा मूठ घाला, आणि जागरणाच्या रात्री फोनचा रेकॉर्डर सुरू करून आजीची गाणी पहिल्यापासून शेवटपर्यंत उतरवून घ्या.