इंग्रजीचा पैसा वाडीवर का पोहोचत नाही?

दोनशिक्षकी शाळेत एकच फळा मधोमध रेघ मारून वाटलेला असतो. डावीकडे चौथीची हातच्याची वजाबाकी, उजवीकडे पहिलीची इंग्रजी मुळाक्षरं. गुरुजी वजाबाकीकडे वळले की पहिलीची इंग्रजी थांबते. हिंगोली जिल्ह्यात कळमनुरी, सेनगाव, औंढा नागनाथ भागातल्या वाड्या-तांड्यांवर हे नवीन नाही.

राज्यात 2000 सालापासून इंग्रजी पहिलीपासून आहे. पुस्तकं मोफत मिळतात. प्रश्न शिकवणाऱ्याचा आहे. शिक्षण हक्क कायद्याप्रमाणे पाचवीपर्यंत 60 मुलांमागे दोन शिक्षक. सहावी ते आठवीला ‘भाषा’ म्हणून एक शिक्षक मिळाला की निकष पूर्ण. मग मराठी, हिंदी, इंग्रजी सगळं त्याच्याच गळ्यात. त्यातही घरी गोरमाटी (बंजारा बोली) बोलणारं तांड्यावरचं लेकरू मराठीसुद्धा शाळेतच शिकत असतं.

‘समग्र शिक्षा’मध्ये केंद्राचे 60 टक्के, राज्याचे 40 टक्के. 30 पर्यंत पट असलेल्या शाळेला त्यातून वर्षाकाठी 10 हजारांपर्यंत संयुक्त अनुदान मिळतं. पगार वेगळा, हे खरं. पण वीजबिल, खडू, दुरुस्ती, स्वच्छता याच रकमेत भागवायचं. इंग्रजी गोष्टींची पुस्तकं घ्यायला उरतं काय?

दुसरीकडे आदिवासी विकास विभागाची नामांकित निवासी शाळांची योजना आहे. कळमनुरीला विभागाचं प्रकल्प कार्यालय आहे. निवड झालेल्या आदिवासी मुलाचं इंग्रजी माध्यमाचं शिक्षण आणि राहणं-खाणं यासाठी सरकार खासगी शाळेला दर्जानुसार साधारण 50 ते 70 हजार रुपये वर्षाला देतं. आंध या आदिवासी समाजातल्या एखाद्या मुलीला त्यातून मोठी वाट मिळते, ती मिळायलाच हवी. पण त्यासाठी तिला पहिलीतच आई-बापांपासून लांब जावं लागतं, आणि मागे राहिलेल्या तिच्या भावंडांच्या वर्गात इंग्रजीसाठी एक रुपया वाढत नाही.

माझ्या मते पैसा आधी शिक्षकावर लागला पाहिजे. 2016 नंतर राज्यानं ब्रिटिश कौन्सिल आणि टाटा ट्रस्ट्सबरोबर काही जिल्ह्यांत ‘तेजस’ प्रकल्प राबवला. त्यात शिक्षकांचे छोटे गट नियमित भेटत, इंग्रजीत बोलत, वर्गातल्या अडचणी एकमेकांपुढे मांडत. असे गट हिंगोलीतल्या प्रत्येक केंद्रात (शाळांच्या समूहात) उभे राहू शकतात.

त्यासाठीचा आग्रह पालक धरू शकतात. शाळा व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक असतात, आणि अनुदानाच्या खर्चावर लक्ष ठेवणं हे कायद्यानंच समितीचं काम आहे. पालकांनो, पुढच्या बैठकीला जा, खर्चाचा हिशेब मागा आणि शिक्षकांच्या इंग्रजी प्रशिक्षणाचा ठराव लिहून घ्या.