पोटगीचा आदेश आणि उलटून गेलेली मुदत (लेखांक 7)

पोटगीची रक्कम कोणत्या आधारांवर ठरते याचा विचार मागील लेखांकात झाला. तो आदेश मान्य नसलेला पक्ष मुदत उलटून बराच काळ लोटल्यावर वरच्या न्यायालयात गेला तर काय होते, हे या लेखांकात पाहावयाचे आहे. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 125 खाली, किंवा 1 जुलै 2024 पासून तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 144 खाली कौटुंबिक न्यायालयाने दिलेल्या पोटगीच्या आदेशावर अपील चालत नाही. कौटुंबिक न्यायालये अधिनियम, 1984 च्या कलम 19 नुसार त्याविरुद्ध उच्च न्यायालयात पुनरीक्षण अर्ज, म्हणजे खालच्या न्यायालयाचे कागद मागवून आदेश कायदेशीर व रीतसर आहे की नाही हे तपासण्याची विनंती, करता येतो. त्यासाठी मुदत कायदा, 1963 प्रमाणे 90 दिवस मिळतात आणि आदेशाची प्रमाणित नक्कल तयार होण्यास लागलेले दिवस त्यातून वगळले जातात.

हे दिवस संपल्यावर दार कायमचे बंद होत नाही. मुदत कायद्याच्या कलम 5 खाली विलंबमाफीचा अर्ज करून ‘पुरेसे कारण’ दाखवावे लागते, आणि तो मंजूर झाल्याशिवाय मूळ आदेश बरोबर की चूक या प्रश्नाला न्यायालय हात घालत नाही. अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात अवघ्या चार दिवसांचा विलंब माफ करताना सर्वोच्च न्यायालयाने 1987 मध्ये सांगितलेला उदार दृष्टिकोन अशा प्रत्येक अर्जात उद्धृत होतो; मात्र चार दिवस आणि दोन वर्षे यांना एकच माप लागत नाही. ‘आजारपण व आर्थिक अडचण यांमुळे विलंब झाला’ हे एका ओळीचे कारण लांबलेल्या विलंबाला पुरत नाही. आदेश केव्हा कळला, नकलेचा अर्ज कोणत्या तारखेला दिला, रुग्णालयात किती दिवस काढले आणि तेथून घरी आल्यानंतरचे महिने कशात गेले, याचा कागदांसह हिशेब द्यावा लागतो. शिवाय खालच्या न्यायालयाचा रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेच्या कामकाजाची नोंद, समोर असतोच. वसुलीच्या अर्जात हजर राहून दोन हप्ते भरल्याची नोंद त्यात असेल, तर आदेश माहीतच नव्हता हे म्हणणे तेथेच संपते.

ही कठोरता योग्य आहे. दरमहा 8,000 रुपयांचा आदेश 26 महिने न पाळल्यास थकबाकी 2,08,000 रुपये होते, आणि तेवढा काळ घरभाडे, किराणा व मुलांची फी त्या स्त्रीने उसनवारीवर भागवलेली असते. अर्थात विलंब नेहमी पतीचाच असतो असे नाही. तुटपुंजी रक्कम मंजूर झालेली पत्नीही वकिलाच्या फीअभावी महिनोन् महिने थांबलेली असते, आणि तिचे कारण तपासताना न्यायालयाने तिच्या हाती काय साधन होते हे पाहणे न्यायाचे ठरते.

एकतर्फी आदेशाची, म्हणजे समोरचा पक्ष गैरहजर असताना झालेल्या आदेशाची, गोष्ट वेगळी आहे. तो रद्द करण्याचा अर्ज तीन महिन्यांत त्याच न्यायालयात करता येतो, आणि काही उच्च न्यायालयांनी ही मुदत आदेश कळल्यापासून मोजली आहे. अशा वेळी समन्स बजावणीचा अहवाल निर्णायक ठरतो: घराला कुलूप असल्याने समन्स दारावर चिकटवले असे बेलिफाने लिहिले असेल आणि पक्षकाराने ते घर वर्षभरापूर्वीच सोडल्याचा भाडेकरार हजर झाला, तर त्याच्या म्हणण्याला वजन येते.

पुनरीक्षण दाखल झाले म्हणून वसुली थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते, आणि ती देताना थकबाकीचा मोठा भाग न्यायालयात भरण्याची अट बहुधा घातली जाते. वसुलीत तुरुंगवास झाला तरी थकलेली रक्कम फिटत नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले आहे. आदेशानंतर नोकरी गेली किंवा मिळकत बदलली असेल, तर विलंबमाफीसाठी झगडण्यापेक्षा कलम 127 (आता 146) खाली रक्कम बदलून मागणे अधिक सरळ, कारण बदललेल्या परिस्थितीवर आधारलेल्या त्या अर्जाला 90 दिवसांची मुदत आड येत नाही. मागची थकबाकी मात्र त्याने आपोआप पुसली जात नाही.