शनिवारवाड्याची वीट

शनिवारवाड्याचा तट खाली घडीव काळ्या दगडाचा आणि वर विटेचा आहे. या दोन थरांमागची एक कथा पुण्यात पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. थोरल्या बाजीरावांनी सात मजली दगडी वाडा बांधायला घेतला. दगडी बांधकामाचा मान छत्रपतींचा, अशी तक्रार शाहू महाराजांच्या कानी गेली. मग जोत्यावरचे सगळे काम विटेत झाले. पुढे इंग्रजांच्या तोफांपुढे विटेचे मजले कोसळले आणि दगड तेवढा उरला.

कथेचा शेवट तर सरळ चुकीचा आहे. खडकी आणि येरवड्याच्या लढायांनंतर 17 नोव्हेंबर 1817 रोजी पुणे इंग्रजांच्या हाती गेले, ते शहरावर तोफा न डागता. वाडा त्यानंतर दहा वर्षे उभा होता. 27 फेब्रुवारी 1828 रोजी लागलेली आग सुमारे आठवडाभर धुमसत राहिली आणि आतल्या इमारती त्या आगीत गेल्या.

कथेचा आरंभही तपासून पाहण्यासारखा आहे. 10 जानेवारी 1730 रोजी पायाभरणी झाली, 22 जानेवारी 1732 रोजी वास्तुशांत. खर्चाचा आकडा 16,110 रुपये असा दिला जातो. दोन वर्षांत आणि एवढ्या रकमेत सात मजली दगडी प्रासादाचा बेत बसत नाही. तटाचे काम नानासाहेबांच्या काळात पुरे झाले, आतले चौक, दिवाणखाने आणि कारंजी पुढच्या पेशव्यांनी वाढवली. तटाला आणि उत्तरेकडच्या दिल्ली दरवाजाला शाहूंची हरकत होती, असे परंपरा सांगते. ती खरी मानली तरी आतल्या वाड्यांच्या विटेचे कारण त्यात शोधायची गरज नाही.

ते कारण बांधणीतच आहे. पेशवाईतला वाडा उभा राहतो लाकडावर. जोते दगडी, कारण जमिनीची ओल खांबांपर्यंत पोचू द्यायची नसते. प्रत्येक खांबाखाली दगडी तळखडा, खांबांवर तुळया, तुळयांवर कड्या आणि तक्तपोशी. दोन खांबांमधले अंतर म्हणजे एक खण, आणि वाड्याचे सगळे माप खणांतच सांगितले जाते. वरच्या मजल्यांचे बरेचसे ओझे हा सांगाडा पेलतो. आजच्या विटेपेक्षा बरीच पातळ असलेली वीट चुन्यात बसवून सांगाड्यातल्या जागा भरायच्या. वरच्या मजल्यांसाठी दगडापेक्षा ती हलकी आणि सोयीची. पुण्यातल्या सरदार-सावकारांचे वाडेही असेच बांधले गेले. शनिवारवाड्यासाठी सागवान जुन्नरच्या जंगलातून, दगड चिंचवडच्या खाणींतून आणि चुना जेजुरीकडून आला, असे सांगतात.

याच बांधणीत वाड्याचा घात होता. तुळया जळाल्या की कड्या बसतात, कड्यांबरोबर मजला खाली येतो आणि खांबांचा आधार सुटलेली भिंत ढासळते. 1791, 1808 आणि 1812 या वर्षांतही वाड्यात आगी लागल्या होत्या. 1879 च्या मे महिन्यात बुधवार वाडा जळाला, विश्रामबाग वाड्याचाही काही भाग गेला. एवढी उदाहरणे समोर असताना दोष विटेच्या माथी मारणे अन्यायाचे आहे.

विटेचा टिकाऊपणा दिल्ली दरवाजाशी दिसतो. दोन्ही बाजूंना भक्कम बुरूज, मध्ये हत्तीच्या मस्तकाच्या उंचीला अणकुचीदार खिळे ठोकलेली दारे, माणसांसाठी एका दारात छोटी दिंडी आणि वर नगारखाना. नारायणरावांचा खून आणि सवाई माधवरावांचा मृत्यू यांच्या कहाण्या ऐकून माणसे याच दरवाजातून आत जातात, पण बुरुजावरच्या विटेकडे क्वचितच कोणी पाहते. 1828 ची आग तिनेही सोसली आहे.

इंग्रजी अमलात या आवाराचा तुरुंग, वेड्यांचे इस्पितळ, पोलिसांची वसाहत असा वापर झाला. 1919 मध्ये वाडा संरक्षित स्मारक ठरला आणि 1923 पर्यंत उत्खनन चालले. त्यात इमारतींची जोती, हौद आणि पाण्याच्या वाटा उघड्या झाल्या. सोळा पाकळ्यांच्या कमळाच्या आकाराचे हजारी कारंजेही आज तेथे पाहता येते.